मागे वळणारा माणूस

आसरखेड यार्डातून शंटिंगची इंजिनं निघून गेली, त्याचं वैजयंता आत्रामला काडीचंही वाईट वाटलं नव्हतं. ती तिथली यार्डमास्तर. धूर, कर्कश शिट्ट्या आणि एका इंजिनाच्या वाटेकडे डोळे लावून ताटकळलेल्या मालगाड्या यांत तिची उमेदीची वर्षं गेली होती. वॅगनी आपल्या आपण चालू लागल्या त्या दिवशी तिने कंट्रोल रूममध्ये पेढे वाटले होते.

आसरखेडला प्रवासी गाडी थांबत नाही. त्यामुळे चंद्रपूर जिल्ह्यातल्याच अनेकांना ते गाव माहीत नसतं. आजूबाजूच्या सिमेंट कारखान्यांतून भरलेल्या वॅगनी इथे येतात. कोणती नागपूरकडे जायची, कोणती दक्षिणेला, कोणती बंदराला, ते बघून त्या सुट्या करायच्या, वेगवेगळ्या रुळांवर लावायच्या, आणि नव्या गाड्या जोडून मुख्य मार्गावर सोडायच्या, एवढंच यार्डाचं काम. या तोडण्या-जोडण्यालाच शंटिंग म्हणतात. पूर्वी हे काम सरकारी होतं. नंतर ही छोटी मालवाहू लाइन ‘वैनवाहिनी मालरेल’ नावाच्या कंपनीकडे गेली, आणि कंपनीने प्रत्येक वॅगनच्या पोटाशी एक बॅटरी आणि एक मोटर बसवली. कुठली वॅगन कुठे जाणार हे एक संगणक ठरवी. त्याचं अधिकृत नाव इंग्रजीत होतं आणि लांबलचक होतं. यार्डातले लोक त्याला ‘वाटाड्या’ म्हणत.

वॅगनी स्वतः चालू लागल्या, तरी माणसं लागतच होती. ब्रेकच्या हवेचे होसपाइप जोडायला, दोन वॅगनींमधलं अडकलेलं कपलिंग मोकळं करायला, ब्रेकचे ठोकळे तपासायला शंटर रुळांतून फिरत. आता इंजिन नाही म्हणजे आवाजही नाही. क्लिंकरने, म्हणजे सिमेंट दळण्याआधीच्या भाजलेल्या खड्यांनी, भरलेली वॅगन मांजरासारखी येते. तेव्हा वाटाड्याला माणसं दिसणं गरजेचं होतं. कॅमेऱ्यांचा उपयोग नव्हता; सिमेंटच्या धुळीने ते दोन दिवसांत आंधळे होत. म्हणून रुळांच्या कडेने जमिनीत काचतंतूची केबल पुरली होती.

ही केबल भन्नाट होती. तिच्यातून सतत प्रकाशाचे ठोके सोडले जात. काच कितीही शुद्ध असली तरी त्या प्रकाशाचा अगदी बारीक अंश जागोजागी आपटून माघारी येतो. जमीन जराशी थरथरली, की तिथली काच केसाहून कमी ताणली जाते आणि माघारी येणारा प्रकाश बदलतो. किती वेळाने आला यावरून जागा कळते, आणि कसा बदलला यावरून तिथे काय हललं ते कळतं. कुत्रं की बकरी, बाई की गडी, बूट की चप्पल. यार्डाच्या जमिनीखाली एक भलामोठा कान पसरून ठेवावा तसंच ते होतं. काही महिन्यांत तो कान प्रत्येकाला पावलांवरून ओळखू लागला.

वैजयंताच्या पडद्यावर प्रत्येक माणूस म्हणजे एक ठिपका आणि त्याच्याभोवती एक केशरी वर्तुळ. वॅगनची वाट त्या वर्तुळाला शिवली, की वॅगन आपोआप ब्रेक लावी. सुरुवातीला सगळ्यांची वर्तुळं सारखी होती. शंटर नुसता रूळ ओलांडायला निघाला तरी लांबवर वॅगन थबके. माणसं खूश होती.

वरच्या ऑफिसातले लोक मात्र खूश नव्हते.

“मॅडम, हे थांबणं बघा,” हर्षवर्धन इनामदार एकदा तिच्या खुर्चीमागे उभा राहून म्हणाला. तो टर्मिनल मॅनेजर. हुशार, मेहनती, बोलायला गोड. “दहातल्या नऊ वेळा माणूस आरामात पलीकडे गेलेला असतो, आणि वॅगन उगाच उभी. भरलेली वॅगन पुन्हा हलवायला किती वीज जाते, तुम्हाला माहीत आहे. नवीन आवृत्तीत वाटाड्या माणूस कुठे आहे एवढंच बघणार नाही. तो पुढे कुठे असेल हेही ओळखणार. प्रत्येकाची चाल त्याला पाठ आहे. जो माणूस चपळ, जो कधीच रुळात रेंगाळत नाही, त्याच्यासाठी लांबून थांबायची गरज काय?”

“म्हणजे त्याचं वर्तुळ लहान?”

“त्याच्यावरचा विश्वास मोठा,” इनामदार हसून म्हणाला. “आम्ही त्याला ‘विश्वास-अंतर’ म्हणतो.”

म्हणजे जो जितका चांगला कामगार, तितकी वॅगन त्याच्या जवळून जाणार. वैजयंताने हे तसंच्या तसं बोलून दाखवलं. इनामदारने ते ऐकलं, मान डोलावली, आणि दुसऱ्या आठवड्यात नवीन आवृत्ती सुरू झाली.

सगळ्यात लहान वर्तुळ झालं ते दौलत आत्रामचं. दौलत म्हणजे तिचा नवरा.

दौलतची चाल बघण्यासारखी होती. रुळांवरून, खडीवरून, रुळांखालच्या स्लीपरवरून तो असा जाई की जणू घरच्या ओसरीत फिरतो आहे. उंच, सडपातळ, पाय जमिनीला नुसता टेकवून उचलणारा. लग्नाआधी वैजयंताने त्याला पहिल्यांदा पाहिलं तेव्हाही तो चालतच होता. कॅन्टीनच्या भिंतीवर कंपनीने एक पडदा लावला आणि त्यावर ज्यांची वर्तुळं सगळ्यात लहान त्यांची नावं झळकू लागली. दौलतचं नाव सतत वर. शेवटच्या ओळीत कायम कवडू झाडे. कवडूभाऊंचा गुडघा जुन्या दुखण्याने आखडलेला, रुळातच कधी अडकेल याचा नेम नाही; त्यामुळे त्यांच्याभोवतीचं वर्तुळ इतकं मोठं की ते रुळात उतरले की शेजारच्या दोन लाइनी थांबत. पोरं कुरकुरत. “भाऊ, तुमच्यापाई आमचं काम अडते,” म्हणत. दौलतही त्यांच्या चालीची नक्कल करून हसवत असे. कवडूभाऊ स्वतःही हसत.

वैजयंताने घरी विषय काढला होता. “तुमच्या भवतालचं वर्तुळ टोपलीएवढं राहिलं जी. मले पडद्यावर पाहवत नाही.”

“काऊन? तो मले ओळखते,” दौलत म्हणाला. त्याच्या आवाजात लपवता न येणारा अभिमान होता. “साहेब लोकांनी इतक्या वर्षांत ओळखलं नाही. मशीनने ओळखलं.”

आणि हे खोटं नव्हतं, हेच वैजयंताला खुपत राहिलं. त्याच्या कामाची कोणी तरी पहिल्यांदा दखल घेतली होती, आणि त्याचं बक्षीस म्हणून मृत्यू त्याच्या दोन हात जवळ आणून ठेवला होता.

मे महिन्यातली दुपार. आसरखेडचं ऊन म्हणजे डोक्यावर तापलेला तवा. दौलत सात नंबरच्या लाइनीवरून काम आटोपून तीन नंबरकडे निघाला होता. वाटेत पाच नंबरवरून क्लिंकरची भरलेली वॅगन येत होती. वाटाड्याने हिशेब केला: हा दौलत आत्राम, याची चाल अशी, वॅगन पोचेपर्यंत हा पलीकडे गेलेला असेल. हिशेब बरोबर होता. दौलत पाच नंबर ओलांडून गेलाही.

त्याच वेळी मागे सात नंबरवर कवडूभाऊ उन्हाने चक्कर येऊन कोसळले.

वैजयंताला पडद्यावर दोन्ही गोष्टी दिसल्या. कवडूभाऊंचा ठिपका निश्चल झाला, आणि त्यांच्या लाइनीवरच्या वॅगनी जागच्या जागी थांबल्या. आणि दौलतचा ठिपका मागे वळला. एक पाऊल. दुसरं पाऊल. पाच नंबरच्या रुळात.

तिने सगळं यार्ड थांबवायचं लाल बटण दाबलं. वॅगनने ब्रेक त्याच क्षणी लावले. वॅगनच्या लेखी वाट आताच अडली होती. पण ऐंशी टनांचं ओझं मनात आलं म्हणून थांबत नाही. ते पूर्वी जितक्या लांबून थांबायला लागे, तितकं अंतर आता उरलंच नव्हतं.

कंट्रोल रूमच्या जाड काचेमधून आवाज येत नाही. वैजयंता जिना उतरून उन्हात धावली तेव्हा तिला तो ऐकू आला.

डॉक्टरांनी दौलतचा उजवा पाय गुडघ्याखालून काढला. तो शुद्धीवर आला तेव्हा त्याने पहिल्यांदा विचारलं, “कवडूभाऊ कसे हायेत?”

“बरे आहेत. सलाइन लावलं होतं. घरी गेले.”

मग त्याने चादरीकडे पाहिलं. चादर एका बाजूला सपाट होती. 

इनामदार दवाखान्यात आला. संत्री घेऊन आला. त्याचे डोळे खरोखर लाल होते. तो माणूस वाईट नव्हता, हे वैजयंता पुढेही सांगत राहिली. तो पलंगाशी बसला, दौलतचा हात हातात घेतला, आणि म्हणाला, “आत्राम, कंपनी तुम्हाला वाऱ्यावर सोडणार नाही. कंट्रोल रूममध्ये बसून करायचं काम तुमच्यासाठी तयार आहे. चौकशी होईल, ती एक रीत असते. तुम्ही एवढंच सांगायचं की वळताना तुमचं लक्ष नव्हतं.”

“माझं लक्ष होतं,” दौलत म्हणाला.

“हो, पण...”

“माझं लक्ष कवडूभाऊंकडे होतं.”

इनामदार वैजयंताकडे बघू लागला. तिने संत्र्यांची पिशवी उचलून त्याच्या हातात परत दिली.

चौकशीला बाहेरचे अधिकारी आले, पाठराबे नावाचे. निवृत्तीला टेकलेले, शांत गृहस्थ. कॅन्टीनमध्येच टेबलं जोडून सुनावणी झाली. भिंतीवरचा तो नावांचा पडदा त्या दिवसापुरता बंद ठेवला होता. कंपनीच्या तज्ज्ञाने सगळं पुन्हा चालवून दाखवलं. ठिपका, वर्तुळ, वॅगन. ठिपका वळतो तिथे त्याने चित्र थांबवलं आणि म्हणाला, “इथपर्यंत सर्व काही अपेक्षित होतं. या बिंदूला कर्मचाऱ्याने स्वतःच्या प्रस्थापित वर्तनाशी विसंगत हालचाल केली.”

पाठराबेंनी वैजयंताला विचारलं, “यंत्रणेत काही बिघाड होता, असं तुमचं म्हणणं आहे का?”

“नाही साहेब.”

कॅन्टीनमध्ये चुळबुळ झाली. कवडूभाऊंनी मान खाली घातली.

“बिघाड असता तर मी गप्प बसले असते,” वैजयंता म्हणाली. “बिघाड कोणाच्याही हाती नसतो. ही यंत्रणा तर सांगितलं तेच करत होती. तिला सांगितलं होतं, चांगल्या माणसासाठी उशिरा थांब. ती उशिरा थांबली. साहेब, हे तज्ज्ञ म्हणतात की माझा नवरा सवयीविरुद्ध वागला. मागे माणूस पडला तर वळून बघायची त्याची सवय लहानपणापासूनची आहे. पण यार्डात तसं रोज कोणी पडत नाही, म्हणून त्या केबलला ती कधी कळली नाही. माणूस रोज काय करतो तेवढं त्यांनी मोजलं, आणि तेवढाच माणूस असतो असं समजून वॅगनी सोडल्या!”

शेवटचे शब्द तिच्या तोंडून ओरडल्यासारखे निघाले. पाठराबेंनी चष्मा काढला, पुसला. “बाई, तुमचं म्हणणं मला समजतं,” ते म्हणाले. “पण मला विचारलेला प्रश्न एवढाच आहे: यंत्रणा तिच्या आराखड्याप्रमाणे चालली की नाही.”

“मग प्रश्नच चुकीचा विचारलाय तुम्हाला.”

“असेल,” पाठराबे म्हणाले, आणि त्यांनी खरोखरच तसं वाटणाऱ्या माणसासारखी मान हलवली.

निकाल यायचा तोच आला. यंत्रणा निर्दोष. कारण: अनपेक्षित मानवी वर्तन. शिफारस: कर्मचाऱ्यांना नियमित वर्तनाचं प्रशिक्षण द्यावं.

वैजयंताने तो निकाल कॅन्टीनमध्ये मोठ्याने वाचून दाखवला. ‘नियमित वर्तनाचं प्रशिक्षण’ म्हणजे काय, असं कोणी तरी विचारलं. “म्हणजे कोणी पडलं तर बघायचं नाही,” रमजान पठाण म्हणाला. दौलतच्या नंतर सगळ्यात लहान वर्तुळ आता रमजानचं होतं. भिंतीवरचा पडदा पुन्हा सुरू झाला होता आणि त्याचं नाव सर्वांत वर झळकत होतं. त्याने चहाचा कप खाली ठेवला, पडद्याजवळ गेला, आणि मागची वायर उपटून टाकली.

दुसऱ्या दिवशी सकाळी रमजान यार्डात लंगडत आला.

वैजयंताला पडद्यावर ते आधी दिसलं आणि नंतर समजलं. त्याच्या ठिपक्याभोवतीचं वर्तुळ बघता बघता फुगत गेलं. वाटाड्या गोंधळला होता. हा रमजानच, पण याच्या पायाला काय झालं? तिसऱ्या प्रहरापर्यंत आणखी चौघं लंगडत होते. आठवडा संपेपर्यंत आसरखेड यार्डात सरळ चालणारा एकही शंटर उरला नाही. वॅगनी लांबून थांबू लागल्या. सिमेंटच्या गाड्या बाहेर तुंबल्या. कारखान्यांचे फोन येऊ लागले.

कंपनीने नोटीस लावली. ‘खोटी चाल’ हा शिस्तभंग ठरवला गेला, आणि यार्डमास्तरने अशा कर्मचाऱ्यांची नावं कळवावीत, असा हुकूम आला.

“कोणाची चाल खरी, ते मी कसं ओळखू?” वैजयंताने इनामदारला फोनवर विचारलं.

“मॅडम, सगळं यार्ड एकाच आठवड्यात लंगडं होतं का?”

“उन्हाने होत असेल. तुमच्या नियमांत माणसाने कसं चालावं ते लिहिलेलं मला दाखवा, मी लगेच नावं देते.”

तसा नियम कुठेच नव्हता. माणसाने कसं चालावं याचा नियम करायची वेळ येईल, असं कोणाला वाटलंच नव्हतं.

ही बातमी दौलतला कळली ती तिच्याकडून नाही. कोणी तरी भेटायला आलं आणि हसत हसत सांगून गेलं. वैजयंता घरी आली तेव्हा तो खाटेवर ताठ बसला होता. कुबड्या भिंतीशी फेकलेल्या.

“माझी नक्कल करून राहिले का सारे?” तो म्हणाला. “लंगड्याची नक्कल? तुले हे दिसते रोज, अन् तू मले सांगत नाहीस?”

“तुमची नक्कल नाही जी ती.”

“मग कोणाची?”

तेवढ्यात दारात पावलं वाजली. एक पाय टेकलेला, दुसरा ओढलेला. कवडूभाऊ आले होते. अपघातानंतर ते पहिल्यांदाच या घरी येत होते. इतके दिवस त्यांची हिंमत झाली नव्हती. त्यांनी उंबऱ्याबाहेर चपला काढल्या, आत येऊन भिंतीला टेकून खाली बसले, आणि आखडलेला गुडघा हाताने सरळ केला.

“ऐकू आलं मले,” ते म्हणाले. “दौलत, ते तुझी नक्कल नाही करून राहिले बापा. माझी करून राहिले. तू एक पाय घेऊन अजून यार्डात चालला कुठं? सगळ्या यार्डात लंगडणारा एक मीच होतो. मले हसत होते सारे. तू बी हसत होता. पण मी रुळात उतरलो की गाडी थांबे. आता साऱ्यायले कवडू झाडेसारखं चालायचं हाये.”

दौलतने तोंड ओंजळीत लपवलं. मग त्याचे खांदे हलू लागले. वैजयंताला वाटलं तो रडतोय. तो हसत होता. अपघातानंतर पहिल्यांदा. हसता हसता त्याने हात पुढे केला आणि कवडूभाऊंनी तो दोन्ही हातांत धरला, आणि मग दोघंही रडले.

पण लंगडणं फार काळ टिकणार नव्हतं. पुढच्या पंधरवड्यात वैजयंताच्या लक्षात आलं, की रमजान लंगडतोय तरी त्याचं वर्तुळ पुन्हा आक्रसतंय. तिने इतरांची बघितली. तीही लहान होत होती. वाटाड्या शिकत होता. रमजान आता असा चालतो, ठीक आहे. पण लंगडत का होईना, तो रूळ ओलांडून पलीकडे जातोच, आणि ठरावीक वेळात जातो. म्हणजे या चालीवरही विश्वास ठेवता येईल. माणसं लंगडत होती आणि वॅगनी पुन्हा त्यांच्या जवळ सरकत होत्या. आता तर ते अधिक भयंकर होतं, कारण लंगडण्याने आपण सुरक्षित आहोत असं माणसांना वाटत होतं.

तिने हे घरी सांगितलं. दौलत जेवताना थांबला. हातातला घास त्याने ताटात परत ठेवला.

“तो पाय मोजत नाही वैजू,” तो म्हणाला. “माणूस पलीकडे जाणार, एवढंच तो मोजते. कसा का जाईना. मी पलीकडे गेलो होतो, म्हणूनच त्याने मले सोडलं. पोरायले म्हणावं, लंगडू नका.”

“मग काय करायचं?”

“वळा म्हणावं. रुळाच्या पलीकडे गेलं की वळा, मागे पाहा, एक पाऊल मागे या. साऱ्यांनी. मग तो कोणावर भरवसा ठेवते, पाहू.”

वैजयंताने ते तसंच्या तसं रमजानला सांगितलं. सोबत एक अट घातली: वळण्याआधी दोन्ही बाजू बघायच्या, आणि वॅगन जवळ असताना कोणी हे करायचं नाही. आणखी कोणाचा पाय तिला नको होता.

तो सोमवार होता. रमजान सरळ, आपल्या जुन्या झपाट्याने चालत आला. चार नंबर ओलांडली, थांबला, वळला, मागे पाहिलं, एक पाऊल परत रुळात टाकलं, आणि मग पुढे गेला. त्याच्या मागून आलेल्याने तेच केलं. त्याच्या मागच्यानेही. कोणी दर वेळी वळे, कोणी मध्येच कधी तरी. कोणी वळून पाण्याची बाटली उचले, कोणी मागच्याला नुसताच विचारी, “आला का रे?” दिवसभर आसरखेड यार्डात माणसं एकमेकांकडे वळून बघत होती.

वाटाड्याकडे याचं उत्तर नव्हतं. माणूस लंगडा असेल, म्हातारा असेल, दमलेला असेल, त्याचा हिशेब करता येतो. पण जो मागे फिरेल की नाही हे सांगता येत नाही, त्याच्यासाठी लांबूनच थांबावं लागतं. केशरी वर्तुळं वाढत गेली, एकमेकांत मिसळली. शेवटी सगळा पडदा केशरी झाला आणि यार्डातली प्रत्येक वॅगन जिथल्या तिथे उभी राहिली.

इनामदार धापा टाकत जिना चढून आला. घामाने त्याचा शर्ट पाठीला चिकटला होता.

“मॅडम, रिलीज द्या.”

रिलीज म्हणजे यार्डमास्तरचा अधिकार. माणूस सुरक्षित आहे याची हमी आपण घेऊन थांबलेली वॅगन पुढे सोडायची.

“नाही देणार.”

“मुख्य मार्गावर गाड्या अडल्यात! दिल्लीहून फोन आलाय. तुम्हाला कळतंय का काय चाललंय?”

“मला कळतंय. तुम्हाला कळतंय का?” वैजयंता खुर्चीतून उठली. “इतकी वर्षं तुम्ही आमच्या लोकांना शिकवलंत की यार्डात एकमेकांची काळजी घ्या. बोर्ड लावलेत. शपथा दिल्यात. आणि एकाने ती काळजी घेतली, तर त्याच्या नावासमोर ‘विसंगत हालचाल’ लिहिलंत! लाज नाही वाटली? तुमच्या यंत्राला ठाऊक नव्हतं की माणूस मागे वळतो. बघा, ते आता शिकलं. एका दिवसात शिकलं. तुम्हीही शिका.”

“मी तुम्हाला निलंबित करू शकतो.”

“करा. माझ्या जागी जो येईल त्याला रिलीजचं बटण दाबायला सांगा, आणि खाली कोण चिरडलं तर हमी त्याची, हेही सांगा. बघू कोण बसतं या खुर्चीत.”

इनामदार खिडकीशी गेला. खाली उन्हात माणसं उभी होती. कोणी घोषणा देत नव्हतं. ती नुसती वर बघत होती.  मग त्याने खिशातून फोन काढला आणि बाहेर जाऊन, दार ओढून घेऊन, कोणाशी तरी बोलू लागला.

तिला निलंबनाचा हुकूम मिळाला. पण तिच्या खुर्चीत बसायला कोणी तयार होईना. शेजारच्या यार्डाचा मास्तर दोन दिवस आला, रिलीजच्या बटणाकडे बघत बसला, आणि परत गेला. तिकडच्या यार्डातही शंटर वळू लागल्याची बातमी आली तेव्हा कंपनीने माघार घेतली. कंपनीने तसा शब्द वापरला नाही. ‘विश्वास-अंतराच्या प्रयोगाचा पहिला टप्पा पूर्ण झाला’ असं पत्रक काढलं. सर्वांची वर्तुळं पुन्हा सारखी झाली, सर्वांत मोठी. वैजयंता कामावर परत आली.

दौलतवरचा ठपका मात्र तसाच राहिला. तो मागे घ्यावा म्हणून त्यांनी वर अर्ज केला आहे, त्याची तारीख अजून लागलेली नाही. कंट्रोल रूममधलं काम त्याने नाकारलं. कृत्रिम पाय बसवून घेतला, त्यावर चालायचा सराव तो सकाळी गावाच्या रस्त्यावर करतो. पूर्वीसारखी चाल कधीच येणार नाही, हे त्याला माहीत आहे. कधी कधी वैजयंता त्याला लांबून बघते आणि तिचा राग पुन्हा नव्याने पेटतो. तो विझावा असं तिला वाटतही नाही.

गेल्या आठवड्यातली गोष्ट. पाच नंबरवर क्लिंकरची वॅगन लांब उभी होती. पुढे रुळात एक केशरी वर्तुळ होतं आणि त्यात एक ठिपका, सावकाश हलणारा. फोन वाजला. इनामदार होता.

“मॅडम, पाच नंबरवर वॅगन थांबलीय.”

“हो. रुळात माणूस आहे.”

“कोण आहे?”

वैजयंताने पडद्याकडे पाहिलं. ठिपक्यावर बोट ठेवलं असतं तर नाव आलं असतं. तिने बोट ठेवलं नाही.

“माणूस आहे,” ती म्हणाली, आणि फोन ठेवला.